गोरूर ते नांदेड : शेतकऱ्याने काढलेल्या विमान कंपनीचा इतिहास

१ मे १९९९ रोजी परभणीतून वेगळा होऊन हिंगोली जिल्हा झाला. या जिल्ह्याला पंचवीस वर्षे पूर्ण व्हायला एक महिना राहिला होता, तेव्हा ३१ मार्च २०२४ रोजी नांदेडच्या श्री गुरु गोविंदसिंगजी विमानतळावरून स्टार एअरची विमानसेवा सुरू झाली. वारंगा फाट्यावरून अर्धापूरकडे जाणाऱ्या रस्त्याने आपल्या जिल्ह्यातली माणसे पुन्हा विमान गाठायला जाऊ लागली. कोणी दवाखान्यासाठी हैदराबादला निघाले, कोणी मुलाला भेटायला बंगळुरूला.

जिल्ह्याच्या पंचविशीच्या स्मरणिकेत शाळा, वाचनालये, बाजार समित्या आणि सहकारी संस्था यांचे इतिहास असणार, आणि ते असायलाच हवेत. हा लेख मात्र अशा संस्थेचा आहे, जिचे कार्यालय हिंगोलीत कधी नव्हते आणि जी आज हयातही नाही. तिचे नाव एअर डेक्कन. विमान लहान गावासाठीही असते आणि त्याचे तिकीट शेतकऱ्याच्या घरातल्या माणसालाही काढता येते, ही गोष्ट या देशात पहिल्यांदा मोठ्या प्रमाणावर करून दाखवली ती या कंपनीने. तिचे संस्थापक कॅप्टन जी. आर. गोपीनाथ शेतकरी होते. नांदेडहून आज उडणाऱ्या विमानाची वंशावळ लिहायला घेतली, तर ती त्यांच्या नारळीच्या मळ्यापाशी जाऊन पोहोचते.

‘डेक्कन’ हे नाव

आपल्या भागाला डेक्कनचे विमान हा शब्द नवा नाही. हिंगोली पूर्वी निजामाच्या हैदराबाद संस्थानात, परभणी जिल्ह्यात होती. १९४५ साली निजाम सरकार आणि टाटा यांच्या भागीदारीतून ‘डेक्कन एअरवेज’ स्थापन झाली. बेगमपेठच्या विमानतळावरून तिची डाकोटा विमाने उडत. भारतातल्या पहिल्या महिला व्यावसायिक वैमानिक प्रेम माथुर यांना वैमानिक म्हणून संधी दिली ती याच कंपनीने. १९५३ साली सरकारने हवाई वाहतुकीचे राष्ट्रीयीकरण केले. देशांतर्गत सेवा देणाऱ्या आठ कंपन्या एकत्र करून इंडियन एअरलाइन्स हे महामंडळ उभे राहिले आणि त्या आठांत डेक्कन एअरवेजही विरून गेली.

पुढची चार दशके देशात प्रवासी विमान म्हणजे सरकारी विमान. १९९४ मध्ये १९५३ चा कायदा रद्द झाला आणि खासगी कंपन्यांना रीतसर दार उघडले. ज्या आल्या त्यांतल्या बहुतेकांची नजर मुंबई, दिल्ली, कोलकाता, चेन्नई यांवर होती. तिकीट परवडणारा वर्ग तिथेच आहे, असा त्यांचा हिशेब. २००३ च्या सुमारास देशांतर्गत विमानप्रवाशांची वर्षाची संख्या दीड कोटीच्या आसपास होती आणि त्यातही तीच ती माणसे पुन्हा पुन्हा मोजली जात. शंभर कोटींच्या देशात उरलेल्यांनी विमान पाहायचे ते अंगणात उभे राहून, मान वर करून.

गोरूरचे घर

गोरूर रामस्वामी अय्यंगार गोपीनाथ यांचा जन्म १३ नोव्हेंबर १९५१ चा. कर्नाटकातल्या हासन जिल्ह्यात हेमावती नदीच्या काठी गोरूर हे त्यांचे गाव. वडील शिक्षक, जोडीला शेती. घरात आठ भावंडे. शाळा मुलाला एका साच्यात बसवते असे वडिलांचे मत असल्यामुळे त्यांनी मुलाला सुरुवातीची काही वर्षे घरीच शिकवले. तो थेट पाचवीत शाळेत बसला, तीही कन्नड माध्यमाची शाळा.

पुढे विजापूरच्या सैनिक शाळेची प्रवेशपरीक्षा आली. ती इंग्रजीत होती आणि खेड्यातल्या या मुलाला ती जमली नाही. नंतर मातृभाषेत उत्तरे लिहिण्याची मुभा मिळाली तेव्हा तोच मुलगा उत्तीर्ण झाला. आपल्याकडच्या जिल्हा परिषदेच्या शाळेत शिकलेल्या कोणालाही ही हकिकत समजावून सांगावी लागणार नाही. मुलगा तोच होता, फक्त दार त्याच्या भाषेत उघडले. लहान गावातल्या माणसाला अक्कल कमी नसते, त्याच्यापर्यंत वाट पोहोचलेली नसते, ही जाण गोपीनाथ यांना तेव्हापासून असावी. त्यांच्या पुढच्या प्रत्येक उद्योगात ती दिसते.

सैनिक शाळेतून ते पुण्याजवळच्या खडकवासल्याला राष्ट्रीय संरक्षण प्रबोधिनीत आले आणि तिथून डेहराडूनला गेले. अधिकारी झाल्यावर १९७१ च्या बांगलादेश युद्धात त्यांनी भाग घेतला. कॅप्टनपदापर्यंत पोहोचून, आठेक वर्षांच्या नोकरीनंतर, तिशीच्या आतच त्यांनी लष्कर सोडले. हातात मोठी रक्कम नव्हती आणि पुढे काय करायचे हेही नक्की नव्हते. ते गावी परतले.

पाण्याखाली गेलेली जमीन

गावी परतल्यावर काय दिसले, ते सिद्धेश्वर, येलदरी, इसापूर या धरणांच्या परिसरातल्या माणसांना सांगायला नको. हेमावतीवर गोरूर येथे धरण झाले आणि वडिलोपार्जित जमीन पाण्याखाली गेली. मोबदल्यात सरकारने जमीन दिली ती जावगल गावाजवळ. ती माळरानाची होती, पाण्यावाचूनची. पर्यायी जमीन मिळालेल्या अनेक कुटुंबांनी अशी जमीन पाहून पाठ फिरवलेली आहे. गोपीनाथ यांनी तिथे तंबू ठोकला आणि ते राहायला गेले.

त्यांनी नारळ लावला. लांबून पाणी आणून रोपे जगवली. कर्ज काढले. खते आणि औषधे यांवरचा खर्च उत्पन्नापेक्षा वाढू लागला तेव्हा ते थांबले आणि जमिनीकडे नव्याने पाहू लागले. तण उपटून रान मोकळे करायचे, मग त्याच मोकळ्या रानाला बाहेरून खत विकत आणून घालायचे, हा व्यवहार त्यांना तोट्याचा वाटला. पालापाचोळा जमिनीवरच राहू द्यायचा, गांडुळांना काम करू द्यायचे, रसायनांचा खर्च बंद करायचा, अशी त्यांची शेती बदलत गेली. तुतीची लागवड आणि रेशीमपालनही त्यांनी याच रीतीने, कमी खर्चात केले. या पर्यावरणस्नेही रेशीमशेतीसाठी त्यांना १९९६ साली रोलेक्स पुरस्कार मिळाला.

विमान कंपनीच्या इतिहासात शेतीवर इतके लिहायचे कारण आहे. पुढे एअर डेक्कनने जे केले त्याचे मूळ या मळ्यात आहे. उत्पन्न वाढवण्याआधी खर्चाची प्रत्येक बाब उकरून पाहायची आणि जी गोष्ट केवळ रीत म्हणून चालत आली आहे ती बंद करून पाहायची, ही सवय त्यांना जावगलच्या माळावर लागली. विमानात फुकट जेवण का, छापील तिकीट का, दलाल का, हे प्रश्न विचारणारा माणूस आधी खताच्या गोणीविषयी तोच प्रश्न विचारून बसला होता.

शेती चालू असताना त्यांनी मोटारसायकलींची विक्री केली, ठिबक आणि पंपांसारखी सिंचनाची साधने विकली, हॉटेल चालवले. विधानसभेची निवडणूक लढवली आणि ते हरले. शेतकऱ्याला एका धंद्यावर भागत नाही. त्यांचेही भागत नव्हते.

हेलिकॉप्टरची वर्षे

लष्करातले जुने मित्र कॅप्टन के. जे. सॅम्युअल हेलिकॉप्टरचे वैमानिक होते. दोघांनी मिळून हेलिकॉप्टर भाड्याने देण्याची कंपनी काढायचे ठरवले. भांडवल नव्हते, परवाने नव्हते, विमान व्यवसायाचा अनुभवही नव्हता. कागदपत्रांसाठी दिल्लीच्या कार्यालयांत खेपा घालण्यात पुष्कळ काळ गेला. १९९७ साली ‘डेक्कन एव्हिएशन’चे काम सुरू झाले. बंगळुरूजवळच्या जक्कूर धावपट्टीवर कंपनीचा तळ होता.

हेलिकॉप्टर म्हटले की पुढाऱ्यांची सभा डोळ्यांसमोर येते. त्या कामातून कंपनीला पैसा मिळालाच. त्याखेरीज तीर्थयात्रा, सर्वेक्षण, रुग्णांना हलवणे, दुर्गम ठिकाणी माणसे आणि सामान पोहोचवणे ही कामेही होती. या काळात गोपीनाथ यांनी देश वरून पाहिला. गोव्याकडच्या उड्डाणात साध्या घरांच्या छपरांवर दूरचित्रवाणीच्या छत्र्या दिसल्या, त्याविषयी त्यांनी पुढे अनेकदा सांगितले आहे. ज्या घरात दूरचित्रवाणी आली, त्या घरातला माणूस जग पाहतो आहे आणि त्याला तिथे जावेसेही वाटणार. त्याला गिऱ्हाईक म्हणून कोणी मोजत का नाही, हा प्रश्न त्यांच्या मनात राहिला.

दुसरा धक्का अमेरिकेत बसला. अॅरिझोनातल्या फीनिक्स या वाळवंटी शहराच्या विमानतळावर दिवसभरात होणारी उड्डाणे भारतातल्या सगळ्या विमानतळांच्या उड्डाणांपेक्षा जास्त असल्याचे त्यांना कळले. तिथले विमान चैनीची वस्तू राहिले नव्हते. आपल्याकडे एस. टी. जशी गावाची असते, तसे ते झाले होते.

ऑगस्ट २००३

एअर डेक्कनचे पहिले उड्डाण ऑगस्ट २००३ मध्ये झाले. निवडलेले विमान पंख्याचे, एटीआर-४२. पन्नासाच्या आत आसने, आखूड धावपट्टीवर उतरण्याची क्षमता आणि इंधनाचा कमी खर्च. मार्गही निवडले ते मोठ्या कंपन्यांनी सोडून दिलेले. हुबळी, मंगळूर, विजयवाडा, मदुराई अशी नावे विमानाच्या वेळापत्रकात दिसू लागली.

सुरुवात सुखाची झाली नाही. हैदराबाद–विजयवाडा मार्गाच्या उद्घाटनाच्या फेरीत, मान्यवर पाहुणे आत बसलेले असताना, धावपट्टीवरच इंजिनाने पेट घेतला. सगळे सुखरूप उतरले, पण छायाचित्रकार हजर होते आणि बातमी देशभर गेली. नव्या कंपनीवर त्या दिवशीच पडदा पडला असता. गोपीनाथ यांनी उड्डाणे थांबवली नाहीत.

कंपनीचे चिन्ह म्हणून त्यांनी आर. के. लक्ष्मण यांचा ‘कॉमन मॅन’ घेतला. चौकड्यांचा कोट, धोतर आणि गोल चष्मा घातलेला तो गप्प माणूस पन्नासहून अधिक वर्षे मुंबईच्या वर्तमानपत्राच्या पहिल्या पानावर उभा होता आणि देशात घडणारे सगळे मुकाट पाहत होता. त्याला विमानात बसायला कोणी बोलावले नव्हते. गोपीनाथ यांनी त्याला बोलावले. एखाद्या संस्थेचे ध्येय तिच्या चिन्हावरून इतके स्वच्छ वाचता यावे, असे क्वचितच घडते.

कारभाराची रीत

स्वस्त तिकीट ही दानधर्माची गोष्ट नव्हती. तिच्यामागे हिशेब होता आणि तो समजून घेण्यासारखा आहे.

विमान जमिनीवर उभे असते तेव्हा त्याचे भाडे, हप्ता आणि कर्मचाऱ्यांचा पगार चालूच असतो, कमाई मात्र शून्य. म्हणून एक फेरी संपली की शक्य तितक्या लवकर पुढची सुरू करायची. विमानात जेवण फुकट द्यायचे नाही, ज्याला हवे त्याने विकत घ्यावे. त्यामुळे खर्च वाचतो, भटारखान्याची जागा वाचते, साफसफाईचा वेळ वाचतो. छापील तिकीट बंद करून आरक्षण इंटरनेटवर आणि फोनवर घ्यायचे, म्हणजे दलालाचे कमिशन वाचते. ज्याच्याकडे इंटरनेट नाही त्याच्यासाठी पेट्रोलपंपांवर आणि टपाल कार्यालयांतही तिकीट मिळण्याची सोय केली. पोस्टात मनीऑर्डर करायला गेलेल्या माणसाला तिथेच विमानाचे तिकीट दिसावे, हा विचार त्या काळात धाडसाचा होता.

दर ठरवण्याची पद्धतही नवी होती. जो लवकर तिकीट काढील त्याला स्वस्त आणि जो ऐनवेळी येईल त्याला महाग. थोड्या जागा पाचशे रुपयांना, काही तर एक रुपयाला. या एक रुपयाच्या तिकिटाची टिंगल झाली. परंतु उडालेल्या विमानातली रिकामी खुर्ची म्हणजे बाजार उठल्यावर उरलेली भाजी, तिला दुसऱ्या दिवशी किंमत नसते. ती जागा एका रुपयाला दिली आणि त्या निमित्ताने एखादे कुटुंब पहिल्यांदा विमानात चढले, तर पुढच्या वेळी ते पूर्ण दराने तिकीट काढण्याची शक्यता निर्माण होते. गोपीनाथ यांनी एका रुपयाला प्रवास विकला असे म्हणण्यापेक्षा त्यांनी विमानतळाच्या काचेच्या दाराची भीती काढून टाकली, असे म्हणणे अधिक खरे आहे.

२००४ मध्ये मोठी एअरबस ए-३२० विमाने ताफ्यात आली आणि कंपनी महानगरांच्या मार्गांवरही उतरली. आपल्या राज्यात मुंबईबरोबर पुणे आणि नागपूरही तिच्या नकाशावर होते. चार वर्षांत चाळीसहून अधिक विमाने आणि साठहून अधिक विमानतळ एवढा पसारा झाला. मागोमाग २००५ मध्ये स्पाइसजेट, किंगफिशर आणि गोएअर, तर २००६ मध्ये इंडिगो आली. एअर डेक्कनच्या आधी हा बाजार आहे असे कोणी मानत नव्हते. तिच्यानंतर त्या बाजारासाठी झुंबड उडाली.

ताण

स्मरणिकेतल्या इतिहासात फक्त गौरव लिहायची प्रथा आहे. ती मोडणे या संस्थेशी प्रामाणिकपणाचे ठरेल. वाढ फार वेगाने झाली. विमाने आली, पण त्यांच्या मागे लागणारी माणसे, सुटे भाग आणि आरक्षणाची यंत्रणा त्या वेगाने उभी राहिली नाही. उड्डाणांना उशीर होई, फेऱ्या रद्द होत. ज्यांनी आयुष्यातले पहिले तिकीट मोठ्या हौसेने काढले होते त्यांना विमानतळावर ताटकळावे लागले. विमानाच्या इंधनावर राज्यांचा भरमसाट विक्रीकर होता. नव्या कंपन्यांनी दर पाडले, वैमानिकांची पळवापळवी सुरू झाली, मुंबईसारख्या विमानतळांवर उतरायला जागा मिळेना आणि हवेत घिरट्या घालण्यात इंधन जळू लागले. तोटा वाढला.

मे २००६ मध्ये कंपनी भांडवलासाठी शेअर बाजारात गेली ती नेमकी बाजार कोसळत असताना. प्रतिसाद जेमतेम मिळाला. २००७ च्या मध्यावर विजय मल्ल्या यांच्या यूबी समूहाने ५५० कोटी रुपयांना कंपनीचा २६ टक्के हिस्सा घेतला. चाळीसहून अधिक विमाने उडती ठेवायला रोख पैसा लागतो आणि तो दुसरीकडून येत नव्हता.

पुढचे सगळे नावांवरून समजते. एअर डेक्कनची ‘सिंप्लिफ्लाय डेक्कन’ झाली आणि २००८ मध्ये तिची ‘किंगफिशर रेड’ झाली. लक्ष्मण यांचा कॉमन मॅन विमानावरून उतरला. थाटमाट विकणारी कंपनी आणि काटकसर विकणारी कंपनी यांचा संसार एका घरात होणे अवघड होते. २०११ मध्ये किंगफिशरने स्वस्त सेवा गुंडाळण्याची घोषणा केली आणि ऑक्टोबर २०१२ मध्ये किंगफिशर स्वतःच जमिनीवर आली. संस्थेचा पहिला जन्म इथे संपला.

पुन्हा दोनदा

गोपीनाथ यांनी त्यानंतर दोनदा नव्याने मांडणी केली आणि दोन्ही वेळा महाराष्ट्र तिच्या मध्यभागी होता.

पहिली ‘डेक्कन ३६०’, मालवाहतुकीची विमानसेवा, २००९ मध्ये सुरू झालेली. तिचे केंद्र नागपूर. ठिकठिकाणचे पार्सल रात्री नागपुरात आणायचे, तिथे अदलाबदल करायची आणि पहाटेपर्यंत ज्याच्या त्याच्या गावी पोहोचवायचे. नागपूरला ही कल्पना ओळखीची होती. १९४९ मध्ये रात्रीची हवाई टपालसेवा सुरू झाली तेव्हा दिल्ली, मुंबई, कलकत्ता आणि मद्रास इथून निघालेली विमाने मध्यरात्री नागपुरात एकत्र येत आणि टपालाच्या थैल्या बदलून परतत. डेक्कन ३६० ला मात्र भांडवल पुरले नाही आणि २०११ मध्ये ती थांबली.

दुसरी मांडणी डिसेंबर २०१७ ची. एअर डेक्कन हे जुने नाव घेऊन, एकोणीस आसनांपर्यंतची छोटी बीचक्राफ्ट विमाने मुंबई, पुणे, नाशिक आणि जळगाव यांच्यामध्ये उडू लागली. जळगावकरांना विमान मिळाले. पण फेऱ्या नियमित राहिल्या नाहीत आणि एप्रिल २०२० मध्ये, करोनाच्या टाळेबंदीत, ही सेवाही बंद पडली.

त्याच वर्षी नोव्हेंबरात गोपीनाथ यांच्या आयुष्यावरून सुचलेला ‘सूरराई पोट्रू’ हा तमिळ चित्रपट आला आणि त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. जुलै २०२४ मध्ये त्याची हिंदी आवृत्ती ‘सरफिरा’ आली. तिच्यातला नायक मराठी आहे, साताऱ्याकडच्या खेड्यातला. पडद्यावरच्या गोष्टीत पुष्कळ भाग कल्पनेचा आहे. परंतु ही गोष्ट महाराष्ट्रातल्या खेड्यात नेऊन ठेवावीशी वाटली आणि ती तिथे परकी वाटली नाही, यावरून ती मुळात कोणाची आहे ते कळते.

नांदेडची धावपट्टी

आता आपल्या भागाकडे वळू. नांदेडची धावपट्टी १९५८ सालची. अनेक वर्षे ती नावालाच होती. २००८ मध्ये शिखांच्या गुरु-ता-गद्दी सोहळ्याच्या त्रिशताब्दीसाठी देश-परदेशातून भाविक येणार म्हणून धावपट्टी आणि इमारत नव्याने बांधली गेली आणि त्या सुमारास मुंबईचे विमान सुरू झाले. ते किंगफिशरचे होते. अकोला–पूर्णा मीटरगेज मार्ग ब्रॉडगेज झाला तोही २००८ मध्येच. हिंगोलीकरांसाठी एकाच वर्षी रेल्वे रुंद झाली आणि आकाश जवळ आले.

किंगफिशर गेली आणि चकचकीत इमारत पुन्हा ओस पडली. यातून एक धडा मिळाला. धावपट्टी बांधून विमान येत नाही. लहान मार्गावर पहिली काही वर्षे खुर्च्या रिकाम्या राहतात आणि तो तोटा सोसायला कोणीतरी लागते. एअर डेक्कनने तो एकटीने सोसला आणि ती मोडली.

हे ओझे वाटून घेण्याची व्यवस्था म्हणजे केंद्र सरकारची ‘उडान’ योजना. ‘उडे देश का आम नागरिक’ या शब्दांचे ते संक्षिप्त रूप. ऑक्टोबर २०१६ मध्ये ती सुरू झाली. विमानातल्या सुमारे निम्म्या जागांना दराची मर्यादा घालायची, तासाभराच्या प्रवासाला साधारण २,५०० रुपये. त्यामुळे येणारी तूट सरकारने तीन वर्षे भरून द्यायची आणि तेवढा काळ त्या मार्गावर त्या कंपनीला एकटीने सेवा द्यायची मुभा. राज्याने इंधनावरचा कर कमी करायचा. एअर डेक्कनला ज्या ज्या ठिकाणी ठेच लागली, जवळपास त्या प्रत्येक ठिकाणी या योजनेत आधाराचा हात आहे. ‘आम नागरिक’ हा शब्दही लक्ष्मण यांच्या त्या माणसापासून दूर नाही.

२७ एप्रिल २०१७ रोजी पंतप्रधानांनी सिमल्याहून या योजनेतल्या पहिल्या उड्डाणांना हिरवा झेंडा दाखवला. त्या पहिल्या दिवसाच्या मार्गांत सिमला–दिल्ली, कडप्पा–हैदराबाद आणि नांदेड–हैदराबाद हे होते. देशाच्या या योजनेचा पहिला दिवस आणि त्यात नांदेडचे नाव, ही मराठवाड्याने जपून ठेवावी अशी नोंद आहे. विमान हैदराबादच्या ट्रूजेट कंपनीचे, पंख्याचे एटीआर. त्याच वर्षी डिसेंबरात एअर इंडियाने नांदेड–अमृतसर सेवा सुरू करून नांदेडच्या सचखंड गुरुद्वाऱ्याला सुवर्णमंदिराशी जोडले. पुढे ट्रूजेट आर्थिक अडचणीत सापडली, २०२२ मध्ये तिची उड्डाणे थांबली आणि नांदेड पुन्हा वाट पाहू लागले.

कोल्हापूर जिल्ह्यातला वारस

ही वाट संपवली ती महाराष्ट्रातल्याच एका उद्योजकाने. कोल्हापूर जिल्ह्यातले संजय घोडावत यांच्या उद्योगसमूहाने आधी हेलिकॉप्टरची सेवा चालवली आणि मग २५ जानेवारी २०१९ रोजी बंगळुरू–हुबळी मार्गावर ‘स्टार एअर’ सुरू केली. आधी हेलिकॉप्टर, मग लहान शहरांची विमाने आणि सुरुवात हुबळीच्या मार्गाने. गोपीनाथ यांच्या पाऊलखुणा इथे स्पष्ट दिसतात. फरक विमानाचा आहे. घोडावत यांनी एम्ब्रेअरची पन्नास आसनांची जेट विमाने घेतली, पुढे २०२३ मध्ये ७६ आसनांची एम्ब्रेअर-१७५ आणली. ताफा सावकाश वाढवला, एक रुपयाच्या तिकिटाच्या वाटेला ते गेले नाहीत. आधीच्या शेतकऱ्याने ज्या पाण्यात उडी घेतली, त्याची खोली या उद्योजकाला ठाऊक होती.

कोल्हापूर आणि बेळगाव यांसारख्या शहरांवर पाय रोवून ही कंपनी मार्च २०२४ मध्ये नांदेडला आली. तिच्या पहिल्या मार्गांत हैदराबाद आणि बंगळुरू होते, दिल्लीजवळचे हिंडन होते आणि पंजाबातले आदमपूरही. वसमतच्या माणसाला हे विमान घरापासून तासाभरावर आहे. हिंगोली आणि कळमनुरीच्या माणसाला अकोला–संगारेड्डी महामार्गाने थोडे अधिक अंतर.

जमाखर्च

एअर डेक्कनचा ताळेबंद मांडला तर खर्चाच्या बाजूला तोटा आहे, गेलेले नाव आहे, बंद पडलेल्या तीन सेवा आहेत. जमेच्या बाजूला एकच नोंद आहे आणि ती तिच्या खात्यावर कधी जमा झाली नाही. २०२३ साली देशांतर्गत विमानप्रवाशांची संख्या १५ कोटींवर गेली. २००३ च्या मानाने ती सुमारे दहापट आहे. ही वाढ एका कंपनीची नाही, त्यात वाढलेले उत्पन्न आहे, नवी विमानतळे आहेत, इतर कंपन्यांची शिस्त आहे. पण सामान्य माणूस विमानात बसेल यावर पैज लावणारा पहिला माणूस जावगलच्या माळावरून आला होता.

आपल्या जिल्ह्यासाठी या इतिहासाचा अर्थ व्यवहाराचा आहे. हिंगोली आणि वसमतच्या हळदीला देशभरातून खरेदीदार येतात. औंढा नागनाथला ज्योतिर्लिंग आहे, नर्सीला संत नामदेवांचे जन्मस्थान आहे आणि नामदेवांना मानणारा शीख समाज पंजाबातून नांदेडला येतच असतो. औंढ्याजवळ लायगो-इंडिया या गुरुत्वीय लहरींच्या वेधशाळेला केंद्रीय मंत्रिमंडळाने एप्रिल २०२३ मध्ये मान्यता दिली. सुमारे २,६०० कोटी रुपयांच्या या प्रकल्पासाठी जगभरचे शास्त्रज्ञ या तालुक्यात येतील. त्यांचे विमान नांदेडला उतरेल की दूरच्या एखाद्या शहरात, यावर आपल्या भागातल्या कितीतरी गोष्टी अवलंबून राहतील.

विमान टिकवायचे असेल तर तीन जणांनी आपापला भाग उचलला पाहिजे. सरकारने धावपट्टी, दिवे आणि इंधनावरचा कर सांभाळावा. कंपनीने वेळापत्रक पाळावे. आणि आपण खुर्च्या भराव्यात. २०१२ नंतर नांदेडची इमारत ओस पडली तेव्हा यातले पहिले दोन भाग निसटले होते. पुन्हा तसे झाले, तर तो तोटा कुठल्या कंपनीच्या ताळेबंदात दिसणार नाही. तो दवाखान्यासाठी रात्रभर गाडीत बसणाऱ्या रुग्णाच्या अंगावर पडेल.

आज अर्धापूरच्या पुढे महामार्गावरून जाताना नांदेडला उतरणारे विमान कधीकधी खाली आलेले दिसते. केळीच्या बागांत काम करणारी माणसे थांबून वर पाहतात. पूर्वीही पाहत. आता त्यांच्यातल्या एखाद्याचा मुलगा त्या विमानातून येत असतो, आणि बापाला त्याच्या उतरण्याची वेळ पाठ असते.